वाचकांचे प्रश्न : जरथुष्ट्र, ऋग्वेद आणि भिशीचा हप्ता

प्रश्न : आमच्या वाचनकट्ट्यावर वाद झाला. एका सदस्याच्या मते पारशी धर्म हा वैदिक धर्मातून फुटून निघालेला पंथ आहे. दुसऱ्याचे म्हणणे असे की, जो धर्म देवांना दुष्ट आणि असुरांना पूज्य मानतो, त्याचा आपल्याशी संबंध असूच शकत नाही. खरे काय?
– एक निवृत्त शिक्षक, राजारामपुरी, कोल्हापूर

उत्तर : दोन्ही म्हणण्यांत थोडे तथ्य आहे, पण नाते दोघांनीही चुकीचे धरले आहे. हे नाते बापलेकांचे नसून भाऊबंदांचे आहे. ऋग्वेद रचणारे आणि पारशांचा धर्मग्रंथ अवेस्ता रचणारे लोक एकाच भारत-इराणी मूळ समाजाच्या दोन शाखा होत. त्यांच्या भाषा इतक्या जवळच्या आहेत की, संस्कृतातील ‘स’च्या जागी इराणी भाषांत बहुधा ‘ह’ येतो एवढे ध्यानात ठेवले, तरी कितीतरी शब्द ओळखीचे होतात. आपण भिशीचा हप्ता म्हणून हजार रुपये भरतो, तेव्हा ‘हप्ता’ आणि ‘हजार’ हे फारसीतून आलेले दोन्ही शब्द ‘सप्त’ आणि ‘सहस्र’ यांचे सगोत्रच असतात. सोम तिकडे हओम होतो, यज्ञाला यस्न म्हणतात, आणि विवस्वानाचा पुत्र यम तिकडे यिम म्हणून भेटतो. पारशांतील ‘जमशेद’ या नावात हाच यिम दडला आहे.

पारशी धर्माचा संस्थापक जरथुष्ट्र याचे कुळ स्पितम. त्याच्या काळाविषयी एकमत नाही. उत्तरकालीन पारशी परंपरा त्याला सिकंदरापूर्वी २५८ वर्षे ठेवते, तर भाषेच्या पुराव्यावरून बहुतेक अभ्यासक त्याला इ.स.पू. १५०० ते १००० यांच्या दरम्यानचा मानतात, आणि मला हेच अधिक पटते. यस्न हेच अवेस्तेतील पूजापाठाच्या भागाचेही नाव; त्याच्या ७२ अध्यायांपैकी १७ अध्याय म्हणजे जरथुष्ट्राच्या गाथा, म्हणजे स्तोत्रे. त्यांची भाषा उरलेल्या अवेस्तेहून जुनी असल्याचे पुण्यात संस्कृत शिकवणाऱ्या मार्टिन हाउग या जर्मन पंडिताने १८६२ साली मुंबईत प्रसिद्ध झालेल्या निबंधांत दाखवून दिले, आणि या गाथाच जरथुष्ट्राचे स्वतःचे शब्द होत, हे मत तेव्हापासून रूढ झाले.

या गाथांत जरथुष्ट्र स्वतःला ‘जओतर’ म्हणवतो. हा आपला ‘होतृ’च. म्हणजे तो मुळात यज्ञ करणारा पुरोहित होता. त्याच्या एका गाथेत गाईचा आत्मा आक्रोश करतो की, मला कोणासाठी घडवले, माझ्यावर हिंसा आणि लूट का चालली आहे, मला राखणारा कोण? ज्यांच्या घरी गोठा आहे, त्यांनी ही गाथा अनुवादातून का होईना, जरूर वाचावी. धर्मसंस्थापकाची हाक गोठ्यातून उठलेली तिथे ऐकू येते. आणखी एका गाथेत दोन जुळ्या प्रवृत्तींचे वर्णन आहे, विचारात, उच्चारात आणि आचारात एक चांगली तर एक वाईट, आणि ज्याने त्याने आपल्यासाठी निवड करावी असे तो सांगतो. वैदिक ‘ऋत’ आणि अवेस्तेतील ‘अष’ हा एकच शब्द. त्या विश्वनियमाच्या बाजूने की ‘द्रुज’ म्हणजे असत्याच्या बाजूने, ही निवड त्याने माणसाच्या हाती दिली. त्याचे खरे वेगळेपण मला इथे दिसते. परलोकातील न्यायनिवाडा आणि जगाचे अंतिम नूतनीकरण या कल्पना पुढे यहुदी, ख्रिस्ती आणि इस्लामी परंपरांत कितपत झिरपल्या, यावर अभ्यासकांत अजून वाद आहे.

आता देव आणि असुर. ऋग्वेदात वरुण, अग्नी, सविता यांनाही ‘असुर’ म्हटले आहे आणि तिथे तो गौरवाचा शब्द आहे; तो दैत्यवाचक झाला तो नंतर. तिकडे जरथुष्ट्राने अहुर मज्दा या परमेश्वराला सर्वश्रेष्ठ मानले (‘अहुर’ म्हणजे आपला ‘असुर’च) आणि ‘दएव’, म्हणजे आपले ‘देव’, त्याज्य ठरवले. दोन टोळ्यांत धर्मयुद्ध होऊन ही उलटापालट झाली असा तर्क हाउगनेही मांडला होता, परंतु आज तो सहसा स्वीकारला जात नाही. दोन्हीकडे शब्दांचे अर्थ स्वतंत्रपणे बदलत गेले असे मानतात.

प्रश्न : दिवाळीनंतर आम्ही सुरतेकडे जाणार आहोत. वाटेत उदवाड्याचे अग्निमंदिर पाहता येईल का? पारशी अग्नीलाच देव मानतात का?
– एक वाचक, शाहूपुरी, कोल्हापूर

उत्तर : अग्नी हे त्यांच्या लेखी अहुर मज्दाच्या सत्याचे आणि प्रकाशाचे दृश्य रूप आहे, प्रार्थना त्याच्यासमोर होते, पण ती मज्दाची असते. आतश बहराम या सर्वोच्च दर्जाच्या अग्नीसाठी सोळा ठिकाणचे अग्नी गोळा करून शुद्ध करतात. त्यांत आकाशातील विजेपासून लागलेला अग्नी असतो, तसाच चितेचाही असतो. सोनाराच्या मुशीचा, कुंभाराच्या भट्टीचा, लोहाराच्या भात्यावरचाही असतो. आपल्या कोल्हापुरातील गुजरीतल्या सोनारांचा आणि बापट कॅम्पातल्या कुंभारांचा विस्तव डोळ्यांसमोर आणला, तर सगळ्या कष्टांची आग एकत्र करण्याचा हा विधी किती थोर आहे ते जाणवेल. भारतात असे आठ आतश बहराम आहेत : मुंबईत चार, सुरतेत दोन, नवसारी व उदवाडा येथे प्रत्येकी एक. त्यांतला सर्वांत जुना ‘इराणशाह’ १७४२ पासून उदवाड्यात आहे.

पारशी नसलेल्यांना आत प्रवेश नाही, तेव्हा दाराशी आग्रह धरू नये. गावातील जुनी पारशी घरे मात्र बाहेरून निवांत पाहता येतील.