आधी न बदलणारा मेंदू तयार कर

विश्रामबाग, सांगली

प्रिय बाळ,
अनेक आशीर्वाद.

तुझा पीएचडीचा प्रस्ताव नीट वाचला. स्वस्थ पडलेल्या माणसाच्या मेंदूतली जोडणी मिनिटामिनिटाला कशी बदलते, हा विषय तू घेतलास याचा मला मनापासून आनंद झाला. साताऱ्यात संख्याशास्त्रात एम.एस्सी. केलेली मुलगी या वाटेला जाते आहे, हे मी इथे भेटेल त्याला सांगते. प्रस्तावात वाचन भरपूर आहे. एक गोष्ट मात्र मी शोधत राहिले आणि ती मिळाली नाही. जोडणी अजिबात बदललीच नसती, तर तुझे हेच आलेख कसे दिसले असते? पत्र मुख्यतः त्यासाठी लिहिते आहे.

पहिल्या पानावर तू चेतापेशींमधल्या प्रत्यक्ष जोडांबद्दल लिहितेस आणि तिसऱ्या पानावर थेट एमआरआयमधल्या सहसंबंधांवर (दोन ठिकाणचे आकडे किती बरोबरीने वरखाली होतात त्या मापावर) येतेस. मधे बरंच अंतर आहे. ते भरून काढ. सी. एलिगन्स हा जेमतेम एक मिलिमीटरचा कृमी. त्याच्या ३०२ चेतापेशींचा नकाशा १९८६ साली प्रसिद्ध झाला. २०२१ मध्ये जन्मापासून प्रौढावस्थेपर्यंतच्या वेगवेगळ्या टप्प्यांवरचे आठ कृमी घेऊन त्यांच्या मेंदूंचे नकाशे काढले गेले, आणि वाढत्या वयात जोडांची संख्या कित्येक पटींनी वाढते हे त्यात दिसलं. तिथे जोड खरोखर मोजलेले आहेत. पण हेही लक्षात घे की नकाशा काढायचा तर कृमी मारावा लागतो, म्हणून ते आठ नकाशे आठ वेगळ्या कृमींचे आहेत. एकाच कृमीचा असा पूर्ण नकाशा तो वाढत असताना पुन्हा पुन्हा कुणी काढलेला नाही.

माणसाच्या बाबतीत तू जे मोजणार आहेस ते याहून फार दूरचं आहे. रक्तातल्या ऑक्सिजनच्या प्रमाणानुसार एमआरआयचा सिग्नल बदलतो हे सेइजी ओगावा यांनी १९९० मध्ये दाखवलं, आणि फंक्शनल एमआरआय त्यावरच उभं आहे. दोन-तीन मिलिमीटरच्या एका घनात लाखो चेतापेशी असतात, आणि त्यांच्या हालचालीचा रक्तातला पडसाद शिखरावर पोचायला पाच-सहा सेकंद लागतात. १९९५ मध्ये मिलवॉकीत भारत बिस्वाल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी पाहिलं, की माणूस काहीही न करता पडलेला असतानासुद्धा मेंदूच्या डाव्या आणि उजव्या बाजूंचे हालचालींशी संबंधित भाग एकाच लयीत वरखाली होतात. लय फार संथ, सेकंदाला ०.१ आवर्तनापेक्षाही कमी. तुझी ‘जोडणी’ म्हणजे दोन संथ कालश्रेणींमधला, म्हणजे काळाच्या क्रमाने मांडलेल्या आकड्यांच्या दोन रांगांमधला, सहसंबंध. ही व्याख्या प्रस्तावाच्या पहिल्याच पानावर स्वच्छ लिही.

आता सहसंबंधाकडे. पावसाळ्यात आपल्या सगळ्यांच्या मोबाइलवर पाटबंधारे खात्याचे पाणीपातळीचे आकडे फिरतात: कराडचा कृष्णा पूल, बहे, ताकारी, भिलवडी, सांगलीचा आयर्विन पूल, अंकली. कोयनेतून विसर्ग वाढवला त्या आठवड्यातले भिलवडीचे आणि आयर्विनचे आकडे घेऊन सहसंबंध काढ, तो जवळजवळ एक, म्हणजे कमाल मर्यादेइतका, येईल. फेब्रुवारीत काढ, कितीही खाली जाईल. म्हणून भिलवडी आणि सांगली यांच्यामधलं नदीचं पात्र बदललं का? पात्र तेच. वरून एकच पाणी दोन्ही पुलांखालून गेलं. मेंदूच्या स्कॅनमध्ये श्वास, डोक्याची हालचाल आणि पेंग या तीन गोष्टी हेच करतात. सगळीकडचे आकडे त्या एकदम हलवतात, आणि तुझ्या आलेखात जोडणी वाढल्याचं दिसतं.

हे बाहेरून येणारं पाणी पूर्ण बंद केलं तरी एक प्रश्न उरतो, आणि तो संख्याशास्त्राचाच आहे. स्कॅनवर एक छोटी खिडकी सरकवत न्यायची आणि प्रत्येक खिडकीत सहसंबंध काढायचा, ही पद्धत साधारण २०१० पासून रुळली. तू साठ सेकंदांची खिडकी घेतली आहेस. कागद-पेन घे. समज, दोन भागांमधला खरा सहसंबंध ०.३ आहे आणि स्कॅनभर तो तसूभरही हलत नाही. दर दोन सेकंदांनी एक चित्र, म्हणजे खिडकीत ३० आकडे. फिशरचं रूपांतर तुला पाठ आहे, स्टँडर्ड एरर (अंदाज सहज किती चुकू शकतो ते माप) येते एक भागिले २७चं वर्गमूळ, म्हणजे सुमारे ०.१९. ९५ टक्क्यांचा पल्ला काढून मूळ मापावर आण: उणे ०.०७ पासून ०.६० पर्यंत! काहीही न बदलता तुझी जोडणी ‘नाही’पासून ‘घट्ट’पर्यंत हिंडून येते. शिवाय हे गणित ३० आकडे एकमेकांपासून स्वतंत्र आहेत असं धरून आहे. इतक्या संथ सिग्नलमध्ये ते स्वतंत्र नसतात, म्हणून खरा पल्ला याहून मोठा. ०.०१ हर्ट्झच्या लयीला एक फेरा पुरा करायला १०० सेकंद लागतात. साठ सेकंदांच्या खिडकीत तो मावतच नाही. खिडकीची लांबी तुझ्या सिग्नलमधल्या सर्वांत संथ लयीवरून ठरव, हे २०१५ मध्ये लिओनार्डी आणि व्हॅन डी व्हिल यांनी नीट मांडलं आहे. तेवढा एक पेपर तरी ओळ न ओळ वाच.

म्हणून माझं सांगणं असं, की खऱ्या डेटाला हात लावण्याआधी न बदलणारा मेंदू स्वतः तयार कर. खऱ्या स्कॅनमधल्या सगळ्या भागांच्या कालश्रेणी घे, त्यांचं फूरिये रूपांतर कर, म्हणजे त्यांच्यातल्या संथ-जलद लयी सुट्या कर, प्रत्येक वारंवारतेच्या फेजमध्ये (लय कुठून सुरू होते त्यात) यादृच्छिक आकडा मिळव (पण त्या वारंवारतेसाठी सगळ्या भागांना तोच आकडा) आणि परत उलट रूपांतर कर. प्रत्येक भागाची स्वतःची लय शाबूत राहते, भागाभागांमधले सरासरी सहसंबंध शाबूत राहतात, आणि काळानुसार बदलणारं नातं मात्र त्यात राहत नाही. अशा शेकडो खोट्या मालिका बनव आणि तुझा सगळा कोड, एकही ओळ न बदलता, त्यांच्यावर चालव. त्यातूनही ‘मेंदूच्या पाच अवस्था’ बाहेर पडतील. के-मीन्स ही सारख्या दिसणाऱ्या खिडक्यांचे गट पाडणारी पद्धत; तिच्याकडे पाच गट मागितले की ती पाच गट देतेच. खऱ्या डेटातल्या अवस्था या खोट्या अवस्थांपेक्षा किती आणि कशात वेगळ्या आहेत, तेवढाच तुझा निष्कर्ष. २०१७ मध्ये लॉमन आणि सहकाऱ्यांनी अशीच तुलना केली, आणि स्वस्थ अवस्थेतल्या सहसंबंधांच्या चढउतारांचा मोठा भाग नमुन्याचा अपुरेपणा, डोक्याची हालचाल आणि झोपाळूपणा यांनीच समजावता येतो असं त्यांना आढळलं.

यावरून उलट टोकाला जाऊ नकोस. खोट्या आणि खऱ्या मालिका सारख्याच निघाल्या, तरी मेंदू थिजलेला आहे असं ठरत नाही. त्याच वर्षी लिएज्वा यांच्या गटाने हे दाखवलं, की ज्या मालिकेचे सांख्यिकी गुणधर्म स्थिर आहेत तिच्यातसुद्धा क्षणाक्षणाची खरी गती असू शकते. साध्या ऑटोरिग्रेसिव्ह मॉडेलमध्येही (ज्यात पुढचा आकडा मागच्या आकड्यांवरून ठरतो) ती असते, आणि ते तर तू तिसऱ्या सेमिस्टरलाच शिकलीस.

डोक्याच्या हालचालीबद्दल जरा सविस्तर लिहिते, कारण तुझ्या प्रस्तावाचा शेवटचा भाग लहान मुलांचा आहे. मूल वाढतं तशी मेंदूतल्या जवळच्या भागांमधली जोडणी सैल होते आणि लांबच्या भागांमधली घट्ट होते, असं चित्र २०१० च्या आसपास चांगलं प्रस्थापित झालं होतं. दिसायलाही ते सुंदर होतं. सेंट लुईसच्या वॉशिंग्टन विद्यापीठातला जो गट या कामात पुढे होता, त्यानेच २०१२ मध्ये दाखवून दिलं की मिलिमीटरच्या अंशाइतकी डोक्याची हालचालसुद्धा जवळचे सहसंबंध वाढवते आणि लांबचे कमी करते. लहान मुलं मोठ्यांपेक्षा जास्त हलतात. म्हणजे मेंदू तसाच राहिला आणि वयाबरोबर मूल फक्त शांत पडायला शिकलं, तरी आलेख हुबेहूब तोच येतो. हालचालीचा हिशेब काटेकोर केल्यावर वयाचा परिणाम पूर्ण नाहीसा झाला नाही, पण बराच आटला. त्या गटाबद्दल मला फार आदर आहे. आपल्याच हातून उभं राहिलेलं चित्र इतक्या उघडपणे तपासायला घेणं सोपं नसतं. तुझ्या पहिल्या तक्त्यात प्रत्येक वयोगटाची सरासरी हालचाल आलीच पाहिजे, जोडणीच्या आकड्यांच्याही आधी.

झोपेचं तसंच. स्कॅनरमध्ये स्वस्थ पडलेल्या माणसांपैकी साधारण एक-तृतीयांश माणसं तीन मिनिटांच्या आतच पेंगू लागतात, हे २०१४ मध्ये एका हजाराहून अधिक स्कॅनवरून दिसून आलं. पेंग हा मेंदूतला खराच बदल आहे. पण तू जर ‘विचारांचा प्रवाह’ म्हणून तो छापलास तर चुकीचं होईल. डोळे उघडे ठेवलेला डेटा निवड.

याहून चांगला मार्ग म्हणजे, बदल कधी झाला हे बाहेरून ठाऊक आहे असा डेटा आधी घ्यायचा. ह्यूमन कनेक्टोम प्रोजेक्टचा (माणसाच्या मेंदूतल्या जोडण्यांचा नकाशा काढणाऱ्या प्रकल्पाचा) डेटा कुणालाही नोंदणी करून मिळतो. सुमारे १२०० तरुण माणसं, प्रत्येकाचे साधारण पंधरा-पंधरा मिनिटांचे चार विश्रांतीचे स्कॅन, दर ०.७२ सेकंदाला एक चित्र, आणि त्याशिवाय सात वेगवेगळी कामं करतानाचे स्कॅन. विश्रांती आणि काम यांचे तुकडे तू स्वतः जोड. कुठे जोडलेस ते तुला माहीत आहे. तुझ्या पद्धतीला तो सांधा सापडतो का पाहा, आणि किती उशिरा सापडतो तेही. यात पहिले सहा महिने गेले तरी मार्गदर्शकांना सांग की मी सांगितलं.

वर्षांच्या मापाचा बदल हा वेगळाच प्रांत आहे. मेंदूचे अभ्यासक रसेल पोल्ड्रॅक यांनी सुमारे दीड वर्ष स्वतःलाच वारंवार स्कॅन केलं. काही न खाता, कॉफी न घेता केलेल्या दिवसांचे सहसंबंध खाऊन-पिऊन केलेल्या दिवसांपेक्षा वेगळे आले. सकाळचा चहा हा तुझ्या नोंदवहीतला रकाना आहे, हे विसरू नकोस. खानापूर तालुक्यातल्या दहा वर्षांच्या मुलांना तीन वर्षांनी पुन्हा स्कॅन करायचं तुझ्या मनात आहे. कल्पना मोलाची आहे, कारण आपल्या गावांतल्या मेंदूंचे आकडे जवळजवळ नाहीतच. कर्नाटकात कोलार जिल्ह्यातल्या श्रीनिवासपुरात बंगळुरूचं सेंटर फॉर ब्रेन रिसर्च ४५ वर्षांवरच्या गावकऱ्यांचा असा दीर्घ पाठपुरावा करतं आहे. ते लोकांना परत कसे आणतात हे आधी जाऊन पाहून ये. विटा-खानापूर-आटपाडीची कितीतरी कुटुंबं गलाईच्या, म्हणजे सोनं-चांदी गाळण्याच्या, धंद्यासाठी देशभर पांगलेली आहेत. तीन वर्षांनी त्यातली जी मुलं गावात नसतील ती उरलेल्यांसारखी नसणार. त्यांचं घर वेगळं, शाळा वेगळी, कदाचित शाळेची भाषाही वेगळी. गेलेली मुलं वगळून सरासरी काढलीस तर बदल मेंदूत झाला की यादीत, हे कधीच कळणार नाही. आणि मधल्या काळात स्कॅनर बदलला किंवा त्याचं सॉफ्टवेअर नवं आलं, तर त्याचीही तारीख हवी.

मिरजेत एखाद्या एमआरआय सेंटरच्या डॉक्टरांना विनंती करून अर्धा दिवस तिथे बस. तो आवाज ऐक, आत जाताना माणसं कशी घाबरतात, खोकला कसा दाबतात ते पाहा. आकडे कुठून येतात हे डोळ्यांनी पाहिलेलं असलं, की विचित्र दिसणारी ओळ पुसण्याआधी तू चार वेळा विचार करशील.

प्रस्तावातला दुसरा भाग मला फार आवडला. त्याला हात लावू नकोस. शून्य परिकल्पनेचं (‘काहीच बदललं नाही’ या गृहीताचं) स्वतंत्र प्रकरण मात्र पहिल्या भागात घाल. आणि मला पहिल्यांदा जे आलेख पाठवशील ते खोट्या मालिकांचे पाठव. खऱ्या डेटाचे मी त्यानंतर पाहीन. प्रत्येक आलेखाखाली खिडकीची लांबी, हालचालीमुळे वगळलेल्या चित्रांची संख्या आणि फिल्टरची सीमा (कोणत्या लयी गाळल्या ते) लिही.

तुझी,
मॅडम

ता. क. कनेक्टोमचा सगळा डेटा एकदम उतरवायला घेऊ नकोस, हार्ड डिस्क पुरणार नाही. दहा माणसांपासून सुरू कर.