कॅमेरा वडिलांचा, पदवी स्वतःची

नमस्कार ताई,

तुमचं पत्र वाचलं. मुलगा बी.कॉम.च्या दुसऱ्या वर्षाला, मोबाइलवर शॉर्टफिल्म करतो. लिहिणं, शूटिंग, एडिटिंग सगळं स्वतःच, वर व्हिलनही तोच. तुमचे मिस्टर म्हणतात, 'एक ना धड, भाराभर चिंध्या'. मुलगा मात्र 'त्यांनीही सिनेमा एकट्यानेच केला' म्हणत जपानचे दिग्दर्शक शिन्या त्सुकामोतो यांचं नाव घेऊन कॉलेज सोडायला निघालाय.

दाखला पोराने छान शोधलाय, पण सोयीपुरताच सांगितलाय. त्सुकामोतो १९६० चे, टोकियोचे. चौदाव्या वर्षी वडिलांचा सुपर-८, म्हणजे घरगुती चित्रीकरणाचा छोटा फिल्म कॅमेरा हाती आला. तरीही निहोन विद्यापीठात चित्रकला शिकून त्यांनी पदवी घेतली, मग काही वर्षं जाहिरातपट बनवायची नोकरी केली. त्यांचा गाजलेला सिनेमा 'तेत्सुओ' आला १९८९ मध्ये, म्हणजे कॅमेरा हातात आल्यावर पंधरा वर्षांनी.

६७ मिनिटांचा, १६ एमएमच्या फिल्मवरचा कृष्णधवल सिनेमा. माणसाच्या अंगातून लोखंड उगवतं. त्यासाठी नटाच्या अंगावर भंगार चिकटवायचं, एक फ्रेम घ्यायची, त्याने जरासं सरकायचं, पुन्हा एक फ्रेम. लेखन, दिग्दर्शन, संकलन, कलादिग्दर्शन त्सुकामोतोंचं, शिवाय भूमिकाही. पण कॅमेऱ्याचं काम वाटून घेतलं होतं केइ फुजिवारा यांनी, ज्या त्यात अभिनयही करतात. संगीत चू इशिकावांचं. एकट्याने? छे! पैसे नव्हते म्हणून एकेकाने चार-चार कामं उचलली, इतकंच. आणि २०१६ च्या 'सायलेन्स'मध्ये हेच गृहस्थ हॉलिवूडचे दिग्दर्शक मार्टिन स्कोर्सेसींकडे रीतसर ऑडिशन देऊन नुसते नट म्हणून उभे राहिले. हे मुलाला जरूर सांगा.

बी.कॉम. सोडू देऊ नका. पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी फिल्म संस्थेत दिग्दर्शन, छायाचित्रण, संकलन असे पदव्युत्तर अभ्यासक्रम आहेत, त्यांना पदवी लागतेच.

आता मिस्टरांच्या काळजीबद्दल. चारही कामं त्याने करत राहावीत, पण ज्याचे दुसरा कुणी पैसे देईल असं एक तरी पक्कं हवं. दोन मिनिटांच्या सीनसाठी तो तीन रात्री एडिटिंगला बसला, असं तुम्ही वैतागून लिहिलंय. मला पत्रातलं तेच वाक्य सगळ्यात आवडलं! या सुट्टीत गावातल्या लग्नाचे व्हिडिओ करणाऱ्याकडे त्याला बसू द्या. दुसऱ्याचं फुटेज, दुसऱ्याची घाई, आणि 'आमच्या मावशी कुठेच दिसत नाहीत' म्हणणारं गिऱ्हाईक. महिनाभर टिकला, तर मला पुन्हा लिहा. त्या वेळी पत्र त्यालाच लिहू दे.