रॉकेटचं इंजिन आणि उद्यमनगरातलं मशीन शॉप

प्रश्न : कोल्हापुरात उद्यमनगरला माझं छोटं मशीन शॉप आहे, तीन लेथ आहेत. मुलगी बारावी सायन्सला आहे. तिला रॉकेटची, जेट विमानांची इंजिनं बनवायची आहेत. एक खासगी कॉलेज एरोस्पेसला प्रवेश द्यायला तयार आहे, पण फीसाठी कर्ज काढावं लागेल. एवढं करून शेवटी ती माझ्याच शॉपवर येऊन बसली तर? – एक पालक

उत्तर : नमस्कार. तुमच्या पत्रातलं शेवटचं वाक्य मी दोनदा वाचलं. शॉपवर येऊन बसणं म्हणजे हरणं, असं तुम्ही धरून चाललाय. या क्षेत्राची तुमच्या घरापेक्षा चांगली ओळख कुठे होणार, हे मला सांगा.

जेट इंजिनाच्या टर्बाइनचं, म्हणजे गरम वायूनं फिरणाऱ्या चाकाचं, पातं घ्या. ते ज्या मिश्रधातूचं असतं तो ज्या तापमानाला वितळेल, त्याहूनही गरम वायू आधुनिक इंजिनात त्याच्यावर आदळतो. तरी ते टिकतं, कारण आतून पोकळ असतं आणि बारीक भोकांतून थंड हवा खेळवलेली असते. आणि हे पातं बनतं कसं? ओतकामानं! मेणाचं पातं करायचं, त्यावर सिरॅमिकचे थर चढवायचे, मेण वितळवून काढायचं आणि त्या पोकळीत निकेलचा मिश्रधातू ओतायचा. नंतर तो अशा बेतानं थंड करायचा की अख्खं पातं एकाच स्फटिकाचं व्हावं. शिरोलीतल्या कुठल्याही फाउंड्रीवाल्याला विचारा, थंड होण्याचा वेग चुकला की काय होतं ते.

आपल्या देशाचं गाडं बरंचसं इथेच अडलं. तेजस या लढाऊ विमानासाठी बंगळूरच्या जीटीआरई या संरक्षण संशोधन प्रयोगशाळेत 1989 साली कावेरी इंजिनाचं काम सुरू झालं. 2008 मध्ये कावेरीला तेजसपासून वेगळं केलं, आणि तेजस उडतं ते अमेरिकेच्या जनरल इलेक्ट्रिकच्या एफ-404 इंजिनावर. विमान जमलं, इंजिन राहिलं. एक-स्फटिकी पाती मात्र हैदराबादच्या डीएमआरएल या धातूंवर काम करणाऱ्या संरक्षण प्रयोगशाळेनं करून दाखवली आणि 2021 मध्ये हेलिकॉप्टरच्या इंजिनासाठी एचएएल या सरकारी विमान कंपनीला 60 पाती दिली. हे काम धातुशास्त्रवाल्यांचं. एरोस्पेसच्या माहितीपत्रकावर त्यांचा फोटो नसतो.

रॉकेटची गोष्टही तशीच. 1993 मध्ये रशियाकडून मिळणारं क्रायोजेनिक (अतिथंड द्रव इंधनावर चालणाऱ्या इंजिनाचं) तंत्रज्ञान अमेरिकेच्या दबावामुळे थांबलं. उणे 253 अंशांवरचं द्रव हायड्रोजन हाताळायला आपण स्वतःच शिकलो. 15 एप्रिल 2010 ला स्वदेशी इंजिनाचं पहिलं उड्डाण झालं, इंधन इंजिनाकडे ढकलणारा बूस्टर टर्बोपंप बंद पडला आणि रॉकेट समुद्रात गेलं. यश आलं 5 जानेवारी 2014 ला. मधल्या जवळजवळ चार वर्षांत त्या लोकांनी काय केलं असेल? बेअरिंग, सील, क्लिअरन्स यांच्याशी झटापट. मुलीला हे आधी सांगा. निकाल लगेच हवा असणाऱ्यांनी इंजिनाच्या वाटेला जाऊ नये.

आता ब्रँचचं. माझं मत स्पष्ट आहे : कर्ज काढून त्या कॉलेजात घालू नका. इस्रो अभियंत्यांची भरती करते तेव्हा मेकॅनिकलच्या जागा बहुतेक वेळा असतात. त्यामुळे मेकॅनिकल किंवा मेटलर्जी (धातुशास्त्र) घेतल्यानं दार बंद होत नाही, उलट एखाद्या वर्षी भरती निघाली नाही तर दुसरीकडे पोट भरता येतं. एरोस्पेसच करायचं तर तिरुवनंतपुरमचं आयआयएसटी हे अंतराळ विभागाचं कॉलेज किंवा पवईचं आयआयटी. दोन्हींसाठी जेईई अॅडव्हान्स्ड लागते. तिथे रँक बसली नाही तर सीईटीतून पुण्याचं सीओईपी किंवा जेईई मेनमधून नागपूरचं व्हीएनआयटी. दोन्हीकडे मेटलर्जी आहे, आणि पुढे गेट ही प्रवेश परीक्षा देऊन एम.टेक.ला प्रोपल्शन, म्हणजे इंजिनांचा विषय, घेता येतं.

नोकरी फक्त श्रीहरिकोटाच्या आसपास मिळते असंही नाही. इस्रोच्या रॉकेटांमधल्या ‘विकास’ नावाच्या इंजिनाचं काम विक्रोळीत गोदरेजकडे होतं, जेट इंजिनांचे भाग चाकणला जीईच्या कारखान्यात. चेन्नईच्या अग्निकुल या खासगी कंपनीनं 2024 मध्ये थ्रीडी प्रिंटिंगनं एकसंध बनवलेल्या इंजिनावर रॉकेट उडवलं. आणि हो, तमिळनाडूत महेंद्रगिरीला इस्रो जिथे रॉकेटची इंजिनं तपासते, तिथे आयटीआय झालेले फिटर, टर्नर, वेल्डरही लागतात. (तुमच्या शॉपवरच्या पोरांना हे जरूर सांगा.)

त्या खासगी कॉलेजला मात्र एकदा मुलीला घेऊन जाऊन या. ऑफिसात बसू नका, थेट लॅब दाखवा म्हणा. इंजिन सुरू करून मोजमाप घेता येईल असा टेस्ट बेड आहे का, विंड टनेल (वाऱ्याच्या झोतात मॉडेल तपासायचा बोगदा) चालू आहे की नुसता झाकून ठेवलाय, मागच्या बॅचची मुलं कुठे आहेत, हे विचारा. कंपन्यांची नुसती नावं सांगितली तर प्रत्येकीत किती मुलं घेतली आणि कोणत्या कामाला, तेही विचारा.

आणि परीक्षा संपली की तिला महिनाभर लेथवर उभी करा. एक पितळी बुश द्या, दहा मायक्रॉनच्या आत बसवायला सांगा. पहिले दहा-बारा भंगारात जातील. तेराव्याला ती काय करते ते बघून मला परत लिहा.