कायद्याचा सल्ला: बेलीफ ताब्याला आला, आता अपील की रिट?

प्रश्न : तासगाव तालुक्यात आमची २० गुंठे द्राक्षबाग आहे. २०१६ मध्ये खरेदीखत केलं, सातबाऱ्याला नाव लागलं. विकणाऱ्याच्या चुलत भावाने त्याच्यावर ताब्याचा दावा करून हुकूमनामा मिळवला. आम्हाला पक्षकार केलंच नव्हतं. दरखास्तीत, म्हणजे त्या हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीत, कोर्टाचा बेलीफ ताबा घ्यायला आला तेव्हा आमच्या ह्यांनी हरकत घेतली. तासगाव कोर्टाने पुरावा घेऊन मागच्या आठवड्यात ती फेटाळली. एक वकील म्हणतात, कलम ४७ च्या आदेशावर अपील नसतं, कोल्हापूरला रिट करा, म्हणजे थेट हायकोर्टात दाद मागा. दुसरे म्हणतात, सांगलीला अपील. कुणाचं ऐकू?

उत्तर : ताई, सांगलीला अपील करा. आणि आदेशाच्या नकलेचा अर्ज आजच द्या.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ४७ बद्दल (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीत पक्षकारांमध्ये उठणारे वाद) ते वकील बरोबर सांगतात. १९७६ च्या दुरुस्तीने ते अपील गेलं. पण तुमच्या आदेशाचं पहिलं पान बघा. हरकतीची चौकशी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर २१, नियम ९७ ते १०१ खाली झाली असेल, तर नियम १०३ प्रमाणे त्या आदेशाला हुकूमनाम्याचंच बळ असतं. त्यावर जिल्हा न्यायालयात अपील चालतं. मुदत ३० दिवस. नक्कल मिळायला लागलेले दिवस त्यातून वजा होतात.

१८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालं, आपल्या पक्षकारांची मुंबईची फेरी वाचली, याचा मला मनापासून आनंद आहे. पण अपिलाची वाट खुली असताना हायकोर्ट रिटमध्ये सहसा हात घालत नाही. वकिलीच्या सुरुवातीला अशाच आदेशावर मी मुंबईत हायकोर्टात रिव्हिजन, म्हणजे फेरतपासणीचा अर्ज, केलं होतं. मिरज पूर्वभागातले माझे पक्षकार रात्रीच्या एसटीने तीन वेळा आले. शेवटी कोर्ट म्हणालं, अपिलात जा. तोवर ताबा गेला होता, बांधावरची आंब्याची झाडंही तोडलेली होती. ती चूक माझी होती, आणि अजून सलते.

अपील दाखल केलं म्हणजे दरखास्त थांबली, असं समजू नका. स्थगितीचा अर्ज वेगळा द्यावा लागतो आणि मोठं नुकसान होईल हे दाखवावं लागतं. म्हणून बागेची हकीकत सविस्तर लिहा : छाटणी कधी झाली, माल कधी निघणार, औषधांवर किती खर्च झाला. फोटो आणि पावत्या जोडा. अपील दाखल होईपर्यंत बेलीफ येऊ नये म्हणून तासगाव कोर्टातही थोड्या दिवसांची तहकुबी मागा.

माझी खरी काळजी वेगळी आहे. दावा कोणत्या तारखेला दाखल झाला, हे तुम्ही लिहिलेलं नाही. तुमच्या खरेदीआधी झाला असेल, तर नियम १०२ आडवा येतो. दावा चालू असताना प्रतिवादीकडून घेणाऱ्याला ही हरकत घेता येत नाही. मात्र मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम ५२ दावा चालू असताना झालेल्या अशाच विक्रीबद्दल आहे, आणि त्याला आपल्याकडे जुनी दुरुस्ती आहे. त्याप्रमाणे दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदलेली असेल, तरच ते कलम खरेदीदाराला लागू होतं. तिथे शोध घ्या. नोंद नसेल तर तो मुद्दा वकिलांना अपिलात मांडायला सांगा. नियम १०२ पुढे तो टिकेलच अशी खात्री मी देत नाही, पण सोडू नका. दाव्याच्या अर्जाची नक्कल आणि खरेदीखत, दोन्ही घेऊनच वकिलांकडे जा.