लाँचर बदलला, प्रगती तीच हवी: वाचकांचे प्रश्न

स्टीम, एपिक, जीओजी यांसारख्या एका ऑनलाइन दुकानातून घेतलेला गेम दुसऱ्या दुकानातल्या प्रतीवर पुढे खेळायचा, तर आधीची प्रगती कशी न्यायची? या महिन्यात याच विषयावरची पत्रं सर्वात जास्त होती, त्यातली काही इथे घेतली आहेत. उत्तरं विंडोज १० आणि ११ धरून दिली आहेत. फोल्डरांची आणि फाइलींची नावं इथे देवनागरीत छापली असली तरी कॉम्प्युटरवर ती इंग्रजीतच दिसतील आणि इंग्रजीतच टाइप करावी लागतील. कशालाही हात लावण्याआधी सेव्हचं (म्हणजे प्रगती साठवलेल्या फाइलींचं) अख्खं फोल्डर डेस्कटॉपवर आणि एका पेनड्राइव्हवर कॉपी करून ठेवा. पुढची सगळी उत्तरं ही प्रत काढलेली आहे असं धरूनच लिहिली आहेत.

प्रश्न: २०२२ मध्ये एपिकवर बॉर्डरलँड्स ३ फुकट मिळाला तेव्हा घेतला होता. आता मित्रांबरोबर खेळायला सोपं जावं म्हणून सेलमध्ये स्टीमवर घेतला. साठेक तासांचं कॅरेक्टर पुन्हा पहिल्यापासून करावं लागेल का? (कोल्हापूर)

नाही. दोन्ही प्रतींची सेव्ह फाइल एकाच जातीची आहे, फक्त फोल्डर वेगळं आहे. डॉक्युमेंट्स, माय गेम्स, बॉर्डरलँड्स ३, सेव्ह्ड, सेव्हगेम्स असं आत जा. तिथे एपिकच्या खात्याचं फोल्डर असेल, त्याचं नाव म्हणजे ३२ अक्षरं-आकड्यांची लांबलचक माळ. स्टीमचं फोल्डर ओळखणं सोपं आहे: १७ आकडी नाव, सुरुवात ७६५६११९ ने. ते अजून दिसत नसेल तर स्टीमवरची प्रत एकदा सुरू करा, कोणतंही कॅरेक्टर घ्या, पहिला सेव्ह होईपर्यंत खेळा आणि बाहेर या.

मग स्टीममध्ये गेमच्या नावावर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, जनरल, आणि तिथे स्टीम क्लाउडचं (सेव्हची प्रत स्टीमच्या सर्व्हरवर ठेवणाऱ्या सोयीचं) बटण बंद. आता एपिकच्या फोल्डरमधल्या सगळ्या फाइली स्टीमच्या फोल्डरात पेस्ट करा आणि विचारल्यावर ‘रिप्लेस’ म्हणा. १.एसएव्ही, २.एसएव्ही ही कॅरेक्टर्स. बरेच जण तेवढीच नेतात आणि बँक रिकामी दिसली की घाबरतात. बँकेतली हत्यारं आणि गार्डियन रँक कॅरेक्टरच्या फाइलमध्ये नसतात, ते प्रोफाइल.एसएव्ही मध्ये असतात, तेव्हा तीही न्यायला हवी.

गेम उघडा, कॅरेक्टर दिसतंय याची खात्री करा, थोडं खेळून सेव्ह होऊ द्या, बाहेर पडा आणि मगच क्लाउड पुन्हा चालू करा. एपिकवर घेतलेले डीएलसी (गेमचे जादा भाग) मात्र सोबत येत नाहीत, ते स्टीमवर वेगळे घ्यावे लागतात.

प्रश्न: जुन्या पीसीवर जीओजीचा विचर ३ होता. नव्या पीसीवर स्टीमचा आहे. पेनड्राइव्हवरून सेव्ह आणून डॉक्युमेंट्समध्ये टाकले, तरी गेममध्ये ‘लोड’ची यादी रिकामीच. एकदा दिसले होते, पुन्हा उघडल्यावर गायब. (ठाणे)

फाइली खराब नाहीत. या गेमची सेव्हची जागा जीओजी, स्टीम आणि एपिक तिन्हींवर एकच आहे: डॉक्युमेंट्स, द विचर ३, गेमसेव्ह्ज. तुमच्या पत्रात दोन वेगळ्या अडचणी एकत्र आल्या आहेत.

यादी रिकामी दिसण्यामागे बहुतेक वेळा वनड्राइव्ह असतो. नव्या लॅपटॉपवर विंडोज सुरू करताना ‘बॅकअप’ला होकार दिला की डॉक्युमेंट्स फोल्डर वनड्राइव्हच्या आत सरकतं. मग कॉम्प्युटरवर डॉक्युमेंट्स नावाची दोन फोल्डरं होतात, एक सी ड्राइव्हवर तुमच्या नावाखाली आणि दुसरं त्याच नावाखाली वनड्राइव्हच्या पोटात. गेम एकात पाहतो, तुम्ही पेस्ट करता दुसऱ्यात. कोणतं खरं ते असं ओळखा: गेम सुरू करून नवा खेळ मांडा, एक सेव्ह करा, बाहेर या. ज्या गेमसेव्ह्ज फोल्डरात आत्ताच्या वेळेची फाइल दिसेल तेच खरं. तिथे जुन्या फाइली टाका. प्रत्येक एसएव्ही फाइलची जोडीदार असलेली त्याच नावाची पीएनजीही न्या, म्हणजे यादीत चित्र दिसेल.

आधी दिसून नंतर गायब होण्याचं कारण क्लाउड. गेम सुरू होताना स्टीम सर्व्हरवरची प्रत आणि डिस्कवरची प्रत पडताळून पाहतो. जुळली नाहीत तर ‘क्लाउड सेव्ह’ की ‘लोकल सेव्ह’ असं विचारतो, आणि घाईत क्लाउड निवडलं की तुम्ही आणलेल्या फाइलींवर पाणी फिरतं. या खिडकीत दोन्ही प्रतींची तारीख-वेळ लिहिलेली असते. पण पेनड्राइव्हवरून आणलेल्या फाइलची तारीख जुनीच राहते, म्हणून ‘नवी ती बरी’ हा नेहमीचा ठोकताळा इथे फसवतो. क्लाउड बंद करून पेस्ट करा, गेममध्ये लोड करून एक नवा सेव्ह करा आणि मग क्लाउड चालू करा. आता विचारलं तर लोकल निवडा.

आणखी एक गोष्ट तपासा. डिसेंबर २०२२ मध्ये या गेमला ४.० अपडेट आलं. त्यानंतरचे सेव्ह जुन्या १.३२ आवृत्तीत चालत नाहीत, तेव्हा मॉडसाठी (खेळाडूंनी केलेल्या बदलांसाठी) कुणी स्टीमवर जुनी आवृत्ती निवडून ठेवली असेल तर आधी ती बदला. ब्लड अँड वाइनमध्ये केलेला सेव्ह तो डीएलसी नसलेल्या प्रतीवरही उघडणार नाही. याच अपडेटने जीओजी खात्यातून क्रॉस-प्रोग्रेशनची सोय दिली. मेनूतून दोन्हीकडे एकाच जीओजी खात्याने लॉगिन केलं की अलीकडचे सेव्ह आपोआप पोचतात. तुमचा सगळा इतिहास त्यात येत नाही, म्हणून जुने सेव्ह हवे असतील तर हाताने कॉपी करणंच बरं.

प्रश्न: पीसी गेम पासचं सदस्यत्व महिनाअखेर संपतंय. स्टारफील्ड स्टीमवर घेतला आहे. गेम पासचे सेव्ह सापडतच नाहीत. (पुणे)

महिनाअखेरपर्यंत थांबू नका आणि तोवर गेम अनइन्स्टॉल करू नका. गेम पासच्या, म्हणजे मायक्रोसॉफ्टच्या, प्रतीचे सेव्ह गेमबरोबरच्या पॅकेजमध्ये राहतात. गेम काढला की डिस्कवरची प्रतही जाते. क्लाउडमधली प्रत तुमच्या खात्यावर राहते, पण ती खाली उतरवायला गेम सुरू व्हावा लागतो आणि त्यासाठी सदस्यत्व लागतं.

जागा अशी: विंडोजचं बटण आणि आर एकत्र दाबा. उघडलेल्या चौकटीत टक्क्याचं चिन्ह, लोकलॲपडेटा, पुन्हा टक्क्याचं चिन्ह, मधे जागा न सोडता इंग्रजीत टाइप करा आणि एंटर दाबा. तिथून पॅकेजेस, मग गेमचं फोल्डर (स्टारफील्डचं नाव बेथेस्डासॉफ्टवर्क्स.प्रोजेक्टगोल्ड असं सुरू होतं), त्यात सिस्टिमॲपडेटा आणि शेवटी डब्ल्यूजीएस. आत गेल्यावर ओळखीचं काहीच दिसत नाही. सगळी नावं आकडे-अक्षरांची, फाइलींना एक्स्टेन्शन नाही. पण या पसाऱ्याला एक वही आहे. कंटेनर्स.इंडेक्स ही फाइल नोटपॅडमध्ये उघडा. चौकोन आणि चिन्हांच्या गर्दीत सेव्हची खरी नावं सुटी सुटी, अक्षरांमध्ये जागा सोडून लिहिलेली दिसतील. बघा आणि सेव्ह न करता बंद करा. प्रत्येक उपफोल्डरात कंटेनर नावाची एक छोटी फाइल असते आणि तिच्यात त्या फोल्डरातल्या डेटा फाइलींची यादी असते.

एका सेव्हची एकच फाइल असणाऱ्या बऱ्याच गेममध्ये हीच डेटा फाइल कॉपी करून, स्टीमच्या पद्धतीचं नाव आणि एक्स्टेन्शन देऊन योग्य फोल्डरात ठेवली की काम होतं. स्टारफील्डमध्ये हे हाताने करू नका, कारण तिथे एका सेव्हचे अनेक तुकडे पाडून ठेवलेले असतात आणि ते ठरलेल्या क्रमाने जोडावे लागतात. यासाठी ‘एक्सजीपी सेव्ह एक्स्ट्रॅक्टर’ हे मोफत साधन गिटहब या संकेतस्थळावर आहे. ते सेव्ह जोडून झिप फाइलमध्ये देतं आणि मूळ फाइलींना हात लावत नाही. झिपमधल्या एसएफएस फाइली डॉक्युमेंट्स, माय गेम्स, स्टारफील्ड, सेव्ह्ज इथे टाका. वनड्राइव्हबद्दल वर लिहिलेलं इथेही लागू आहे.

उलट दिशेने, म्हणजे स्टीमवरून गेम पासकडे न्यायचं असेल, तर एक-फाइलवाल्या गेममध्ये युक्ती वेगळी आहे. गेम पासच्या प्रतीत आधी एक नवा सेव्ह करा. त्याची डेटा फाइल वेळेवरून ओळखा, तिचं विचित्र नाव कॉपी करून घ्या आणि स्टीमच्या फाइलला तेच नाव देऊन तिच्या जागी ठेवा. वहीतली नोंद बदलत नाही, आतला मजकूर बदलतो.

प्रश्न: जीटीए ५ एपिकवरून स्टीमवर नेताना ऑनलाइनचे पैसे, गाड्या जातील का? (नांदेड)

ऑनलाइनची प्रगती रॉकस्टारच्या सर्व्हरवर, तुमच्या रॉकस्टार खात्यावर असते. स्टीमची प्रत पहिल्यांदा उघडल्यावर जे खातं एपिकला जोडलं होतं तेच द्या, सगळं जागच्या जागी असेल. घाईत नवं खातं काढू नका, नव्वद टक्के तक्रारींचं मूळ तिथे असतं असं म्हणायला आमची हरकत नाही.

कथेचे सेव्ह डॉक्युमेंट्स, रॉकस्टार गेम्स, जीटीए व्ही, प्रोफाइल्स इथे असतात. खातं तेच असेल तर फोल्डरही तेच, कॉपी करायची गरज नाही. खातं वेगळं असेल तर प्रोफाइल्समध्ये दोन फोल्डरं दिसतील. एसजीटीए५ ने सुरू होणाऱ्या फाइली एकातून दुसऱ्यात न्या. शेवटी १५ असलेली फाइल ऑटोसेव्हची. मार्च २०२५ मध्ये आलेली ‘एन्हान्स्ड’ आवृत्ती मात्र वेगळा गेम धरा. तिच्यात कथा न्यायची तर आधी जुन्या ‘लीगसी’ आवृत्तीच्या पॉज मेनूतून सेव्ह अपलोड करावा लागतो.

प्रश्न: एल्डन रिंग धाकट्या भावाच्या स्टीम खात्यावर खेळत होतो. आता स्वतःचं खातं काढून गेम घेतला. फाइल कॉपी केली तर उघडत नाही. (रत्नागिरी)

उघडणार नाही, कारण या फाइलवर मालकाची मोहोर आहे. रोमिंगमधल्या (वर सांगितलेल्या चौकटीत टक्क्याच्या दोन चिन्हांमध्ये ॲपडेटा टाइप केलं की हे फोल्डर उघडतं) एल्डनरिंग फोल्डरात प्रत्येक स्टीम खात्याचं १७ आकडी फोल्डर असतं आणि त्यात ईआर००००.एसएल२ ही सेव्ह फाइल, दहा कॅरेक्टरच्या जागांसह. तोच स्टीम क्रमांक फाइलच्या आतही लिहिलेला असतो आणि प्रत्येक जागेसाठी एक पडताळणी बेरीज (चेकसम, म्हणजे मजकूर बदलला का ते ओळखणारा आकडा) असते. फोल्डर बदललं तरी आतला क्रमांक भावाचाच राहतो. क्रमांक हाताने बदलला तर बेरीज चुकते. दोन्ही बदलून देणारी साधनं आहेत. वापरायचंच असेल तर फक्त ऑफलाइन खेळा. बदललेली फाइल घेऊन ऑनलाइन गेलात तर खात्यावर बंदी येऊ शकते, आणि एका कॅरेक्टरसाठी नव्या खात्याचा हा जुगार खेळू नये असं आमचं मत आहे. स्टीम फॅमिलीजमध्ये दोघे सामील झालात तरी हा प्रश्न सुटत नाही. तिथे गेम वाटून घेता येतात, सेव्ह ज्याचे त्याचेच राहतात.

प्रश्न: सेव्ह नेल्यावर अचीव्हमेंट्सही येतात का? (पणजी)

त्या त्या दुकानाच्या खात्यावर असतात, फाइलमध्ये नाहीत. काही गेम सेव्ह लोड होताच पूर्ण झालेल्या गोष्टी तपासून नव्या खात्यावर देतात, बाकीच्यांत त्या पुन्हा कमवाव्या लागतात.

प्रश्न: विंडोजवर जीओजीची स्टारड्यू व्हॅली आहे. स्टीम डेक घेतला, त्यावर स्टीमची प्रत आहे. माझं शेत तिकडे न्यायचं आहे. (न्यू जर्सी)

विंडोजवर रोमिंगच्या आत स्टारड्यूव्हॅली, मग सेव्ह्ज. प्रत्येक शेताचं एक फोल्डर असतं: शेतकऱ्याचं नाव, खालची रेघ आणि लांब आकडा. त्यात अगदी त्याच नावाची, एक्स्टेन्शन नसलेली फाइल असते आणि सोबत सेव्हगेमइन्फो. दोन्ही लागतात. फोल्डरचं नाव हौसेने बदललं आणि आतल्या फाइलचं राहिलं तर शेत यादीत येत नाही. मोठी फाइल नोटपॅडमध्ये उघडून पाहा, साधा वाचता येणारा मजकूर आहे. त्यात पैसे, दिवस, ऋतू सगळं दिसतं, त्यामुळे योग्य शेत हातात आहे का याची खात्री लगेच होते.

डेक हा हातात धरून खेळायचा, लिनक्सवर चालणारा कॉम्प्युटर. त्यावर स्टीमचं बटण, पॉवर, ‘स्विच टू डेस्कटॉप’. पेनड्राइव्ह लावून फाइल मॅनेजर उघडा आणि मेनूतून लपलेल्या फाइली दाखवायला सांगा. गेम लिनक्सच्या मूळ आवृत्तीत चालत असेल तर होम फोल्डरात डॉट कॉन्फिग, स्टारड्यूव्हॅली, सेव्ह्ज. प्रोटॉनवर (विंडोजचे गेम लिनक्सवर चालवणाऱ्या स्टीमच्या सोयीवर) चालत असेल तर स्टीमच्या स्टीमॲप्स फोल्डरात कॉम्पॅटडेटा, ४१३१५० आणि पुढे पीएफएक्स, ड्राइव्ह_सी, युझर्स, स्टीमयुझर असं आत जात पुन्हा ॲपडेटा, रोमिंगपर्यंत. कोणती आवृत्ती चालते ते कळत नसेल तर डेकवर एक नवं शेत सुरू करून पहिली रात्र झोपा. ते शेत ज्या फोल्डरात उगवेल तिथेच तुमचं ठेवा.

दोन्हीकडच्या गेमची आवृत्ती पाहून घ्या. १.६ मध्ये खेळलेलं शेत १.५ वर नेता येत नाही. आणि कॉपी करण्याआधी विंडोजवर दिवस संपवून झोपा. हा गेम रात्रीच सेव्ह होतो, दुपारी मधेच बाहेर पडलात तर सकाळपासूनची पेरणी आणि पाणी फाइलमध्ये नसेल.