एडिटर म्हणून करिअर करावं का? कोणतं सॉफ्टवेअर शिकू?

सॉफ्टवेअरचं आधी उरकतो. अ‍ॅव्हिड शिका, प्रीमियर तुम्ही तसंही शिकालच. पण 'ते नुसतं कापाकापीचं काम' असं घरचे म्हणतात, हे तुमचं वाक्य झोंबलं म्हणून लिहायला बसलोय.

एका मालिकेवर होतो. बापलेकीचं भांडण, शेवटी मुलगी लांबलचक संवाद म्हणून निघून जाते. सात टेक, सातही खोटे. पाठ केलेलं म्हणतेय हे शेंबडं पोरही सांगेल. एपिसोड दुसऱ्या दिवशी जायचा, त्यामुळे रीशूट विसरा. रात्री दोनला रशेस, म्हणजे शूट झालेले सगळे कच्चे तुकडे, पुन्हा पहिल्यापासून लावले, टेक सुरू करणाऱ्या क्लॅपच्या आधीचे आणि 'कट'नंतरचेसुद्धा. चौथ्या टेकला मेकअपवाला बाजूला झालाय, क्लॅप अजून यायचाय आणि ही नुसती खाली बघत उभी आहे. ओठ किंचित हलतायत. बहुतेक संवाद आठवत असावी. साडेतीन सेकंद, म्हणजे सेकंदाला २५च्या हिशेबाने ८७ फ्रेम. तेवढं उचलून बापाच्या शेवटच्या वाक्यामागे लावलं, तिचा संवाद अख्खा उडवला आणि दार आपटल्याचा आवाज तिच्या चेहऱ्यावरच आणला. सीन उभा राहिला.

सकाळी दिग्दर्शक संवाद कुठाय म्हणून ओरडले. चॅनलला आवडल्यावर गप्प. पुढे मुलाखतीत सांगतात, "मीच तिला म्हटलं, इथे काही बोलू नकोस." फोन केला तर म्हणे, "अरे, मी शूट केलेलंच वापरलंस ना?"

मग काय घरून आणणार होतो? 'अपोकॅलिप्स नाऊ'चं (१९७९) चित्रीकरण २३०हून अधिक तासांचं होतं, सिनेमा निघाला अडीच तासांचा. उरलेलं सगळंही शूट केलेलंच होतं की! ऑस्करवाले १९३४पासून संकलनाला वेगळं बक्षीस देतात ते काय कात्रीला?

तेव्हा सॉफ्टवेअर नव्हे, दिग्दर्शक नीट निवडा. एडिटर थेल्मा शूनमेकर १९८०च्या 'रेजिंग बुल'पासून दिग्दर्शक मार्टिन स्कॉर्सेसीचे कथापट कापतायत, तीन ऑस्कर मिळालेत आणि ते कुणाबरोबर काम केल्यामुळे ते बघा. श्रेयनामावलीतलं नाव करारात लिहून घ्या. प्रत्येक व्हर्जन तारखेसकट जपा. त्या सीनचं पहिलं व्हर्जन, संवादासकट, माझ्याकडे अजून आहे. कुणाला बघायचं असेल तर या.

पैशांचं विचारलंत. सुरुवातीला कमी आणि उशिरा. मी मालिकावाला, सिनेमात किंवा माहितीपटात गणित वेगळं असेल.

आणि हो, क्लॅपच्या आधीचंही एकदा बघू या का, असं त्या रात्री माझ्या असिस्टंटने सुचवलं होतं. पण तो तुकडा लावायचा कुठे, हे मीच ठरवलं.