नॉर्वेजियन शिकून पोट भरेल का?

(पत्राचा सारांश: मुलीला बारावीला ८९ टक्के. तिने सीए व्हावं अशी वडिलांची इच्छा होती, पण ती बीएला गेली. आता दुसऱ्या वर्षाला आहे आणि दीड वर्षापासून ऑनलाइन नॉर्वेजियन शिकते. सर्बियाची राजधानी बेलग्रेड इथल्या ल्युबिशा राइच या प्राध्यापक-अनुवादकाबद्दल वाचून ‘मला असंच काम करायचंय’ म्हणाली. वडिलांनी क्लासची फी थांबवली. ‘निदान जर्मन तरी कर, नाहीतर एमपीएससी दे,’ असं त्यांचं म्हणणं. ‘तुम्ही समजावलंत तर ऐकेल,’ अशी मला विनंती.)

सप्रेम नमस्कार,

तुमच्या पत्रात टक्के आहेत, फीचा आकडा आहे, साडूच्या मुलाचं पॅकेजसुद्धा आहे. मुलीचं नाव मात्र कुठेच नाही. फी बंद केल्यापासून ती जेवायला बसते पण बोलत नाही, हे तुम्ही तक्रार म्हणून लिहिलंय. मला पत्रातली सगळ्यात काळजीची गोष्ट तीच वाटली. नाक दाबलं की तोंड उघडतं म्हणतात. तुमच्याकडे ते मिटलंय. वीस वर्षांची मुलगी समोर परीक्षा नसताना, कुणी मागे लागलेलं नसताना दीड वर्ष एक भाषा नेटाने शिकते. अशी चिकाटी वर्गात किती मुलांकडे असते, तिच्या कॉलेजातल्या कुठल्याही शिक्षकांना विचारा. तुम्ही नेमकी त्यावरच कात्री चालवलीत. आणि तिला ‘समजावण्याचं’ म्हणाल, तर ते मी करणार नाही. तुमच्या मनातलं तुम्हीच तिच्याशी बोला, माझ्या तोंडून नको.

एमपीएससीबद्दल एवढंच, की ती परीक्षा हट्टाने देणाऱ्यांचीच वर्षं वाया जातात, मग जबरदस्तीने देणाऱ्यांचं काय होणार? जर्मन चांगली भाषा आहे, नोकऱ्याही आहेत, पुण्यात रानडे इन्स्टिट्यूटच्या आवारात विद्यापीठाचा परकीय भाषा विभाग ती शिकवतो. पण शिक्षा म्हणून शिकवलेली भाषा दुसऱ्या लेव्हलच्या पुढे जात नाही.

आता राइच यांच्याबद्दल, कारण त्यांचं नाव काढून तुम्ही ‘हे असले आदर्श’ असं लिहिलंय. जन्म १९४७, मृत्यू २०१२. भाषाशास्त्रज्ञ, नॉर्वेजियन-स्वीडिश-डॅनिशमधून सर्बियनमध्ये अनुवाद करणारे, आणि बेलग्रेड विद्यापीठात स्कँडिनेव्हियन भाषांचा अभ्यासक्रम उभा करणारे प्राध्यापक. ‘उभा करणारे’ यावर थांबा. त्यांनी ज्या खुर्चीवर बसून आयुष्यभर शिकवलं, ती जाहिरात बघून मिळालेली नव्हती. तुम्ही विचारता, ‘या विषयाला जागा किती निघतात?’ त्यांनी हाच प्रश्न विचारला असता तर उत्तर शून्य आलं असतं.

तुमच्या पत्रात ‘सुरक्षित’ हा शब्द वारंवार येतो, म्हणून त्याच बेलग्रेडची गोष्ट सांगतो. १९९२मध्ये संयुक्त राष्ट्रांनी युगोस्लाव्हियावर (सर्बिया तेव्हा त्याचाच भाग होता) निर्बंध घातले. १९९३च्या अखेरीस महागाई अशी भडकली की ५० हजार कोटी दिनारची एकच नोट छापावी लागली. (त्या नोटेवर चित्र कवीचं होतं, तेवढाच भाषावाल्यांना मान.) कायम नोकरीत असलेल्यांचा पगार हातात पडेपर्यंत त्याची किंमत उरत नव्हती. १९९८मध्ये नव्या कायद्याने विद्यापीठांची स्वायत्तता गेली, डीन सरकार नेमू लागलं आणि कित्येक प्राध्यापकांना घरी बसावं लागलं. सीए, इंजिनिअर, सरकारी नोकर, सगळे त्याच भोवऱ्यात होते. ज्याच्याकडे बाहेर कुठेही चालेल असं काही कौशल्य होतं, त्याला निदान एक दार होतं.

तुमचा एक गैरसमज मात्र सविस्तर दूर करायला हवा. ‘नॉर्वेत सगळ्यांना इंग्रजी येतं, मग अनुवादक कशाला?’ साहेब, साहित्याचा अनुवादक नॉर्वेतल्या लोकांसाठी काम करतच नाही. तो काम करतो आपल्या गावच्या वाचकासाठी. राइच यांचा वाचक सर्बियन होता. तुमच्या मुलीचा वाचक मराठी असेल. नॉर्वेचा नाटककार इब्सेन मराठी रंगभूमीवर आला तो बहुतेक इंग्रजीच्या आडवाटेने. २०२३चं साहित्याचं नोबेल मिळालेला युन फोस्से तर नीनोर्स्कमध्ये लिहितो, म्हणजे नॉर्वेजियनच्या दोन लेखनरूपांपैकी कमी वापरातल्या रूपात. तो मूळातून मराठीत आणायला नीनोर्स्क वाचता येणारा आणि मराठी कसून लिहिणारा माणूस लागेल. आणि नॉर्वेला अशी माणसं हवी असतात. तिथली ‘नोर्ला’ ही संस्था १९७८पासून नॉर्वेजियन पुस्तकांचे परभाषेत अनुवाद व्हावेत म्हणून परदेशी प्रकाशकांना अनुदान देते.

एवढं वाचून मुलगी खूश होईल, म्हणून आता तिला चार कडक गोष्टी. पोरी, राइच यांची वाट तुला जशीच्या तशी मिळणार नाही. सर्बियात या भाषांच्या मागे खरी माणसं होती. साठच्या दशकापासून युगोस्लाव्ह कामगार स्वीडनच्या कारखान्यांत जात होते. दुसऱ्या महायुद्धात ४,०००हून अधिक युगोस्लाव्ह कैदी, त्यात बहुतेक सर्ब, नॉर्वेतल्या छावण्यांत नेले गेले आणि निम्म्याहून अधिक तिथेच मेले. त्या आठवणीने दोन देश बांधलेले आहेत. मराठीच्या पाठीशी असं काही नाही. शिवाय राइच नुसत्या अनुवादावर जगले नाहीत, ते विद्यापीठात शिकवत होते. फक्त साहित्याच्या अनुवादावर मराठीत घर चालत नाही, हे बाबांचं म्हणणं शंभर टक्के बरोबर आहे.

तेव्हा नॉर्वेजियन की जर्मन हा वाद दोघांनीही सोडा. माझा सल्ला वेगळा आहे: बीएनंतर भाषाविज्ञानात एमए. पुण्यातच डेक्कन कॉलेज आहे. त्या पदवीवर अध्यापन आणि संशोधनाकडे जाता येतं, भाषेशी संबंधित तंत्रज्ञानाच्या कामातही शिरकाव होतो. नॉर्वेजियन सोबत चालू दे. ती पक्की झाली की डॅनिश आणि स्वीडिश वाचायला फार कष्ट पडत नाहीत. पदवीसाठी लगेच नॉर्वेला जायचा विचार करू नका. २०२३पासून युरोपबाहेरच्या विद्यार्थ्यांना तिथे शिक्षणशुल्क भरावं लागतं, स्वीडनमध्ये तर २०११पासूनच. पीएचडीचं गणित उलटं आहे: नॉर्वेत पीएचडी करणारा बहुधा विद्यापीठाचा पगारी कर्मचारी असतो. स्पर्धा कडक असते, पण एमए चांगलं असेल तर अर्ज जरूर करावा.

एमएला प्रवेश घेईपर्यंत तिने एक नॉर्वेजियन कथा मूळातून मराठीत उतरवावी आणि मराठी चांगलं लिहिणाऱ्या कुणाला तरी दाखवावी. नॉर्वेजियन येणाऱ्याला नव्हे. ते मराठी वाचनीय नसेल, तर अनुवादाचा नाद सोडून संशोधनाकडेच वळावं. आणि क्लासची फी या महिन्यापासून पुन्हा भरा; साडूच्या मुलाच्या पॅकेजशी तिचा काही संबंध नाही.